पेणकरपाडा ते डोंगरी : एका लाइनमनचे तीन दिवस

आमच्या बिल्डिंगमध्ये प्रवासाच्या गोष्टींना तोटा नाही. दुसऱ्या मजल्यावरचं कुटुंब बँकॉकला जाऊन आलं आणि पुढचे आठ दिवस जिन्यात उभं राहून तिथल्या मसाजची वर्णनं करत होतं. तळमजल्यावरच्या बाई केदारनाथला जाऊन आल्या, त्यांचा खोकला अजून थांबलेला नाही. मी आमच्या मीरा रोडच्या पेणकरपाड्याहून डोंगरीला जाऊन आलो. हसू नका. हे उत्तनच्या बाजूचं डोंगरी, मुंबईतलं नव्हे. रिक्षा आणि बस धरून फार तर दीड तासाचा रस्ता. मला तीन दिवस लागले, आणि खरं बोलायचं तर त्याआधी, इथे राहायला आल्यापासूनची, पस्तीस वर्षं. ज्यांनी बँकॉक पाहिलंय पण डोंगरी पाहिलं नाही, त्यांच्यासाठी हे लिहितोय.

आधी मी कोण ते सांगतो. मी फौजेत लाइनमन होतो. माझी नात विचारते, "आबा, मोबाईल नव्हते तर वायरलेस असेल ना?" होता की! पाठीवर वाहून न्यायचा डबा होता. टेकडी आडवी आली की मुका, बॅटरी गार पडली की मुका, आणि चुकून बोललाच तर पलीकडे शत्रू कान लावून बसलेला. म्हणून हल्ल्याआधी वरून हुकूम यायचा, सेट बंद. मग उरायची तार. दोघांनी तारेचा ड्रम घेऊन वाकून पळायचं, मागच्या ठाण्यापासून पुढच्या खंदकापर्यंत जमिनीवर तार सोडत जायचं, दोन्ही टोकांना टेलिफोनचा डबा. तोफेचा गोळा पडला की तार तुटायची. तुटली की दोघांपैकी एकानं डब्यापाशी बसायचं आणि दुसऱ्यानं उठायचं. तार मुठीत धरून चालत राहायचं, हातातून संपली की तिथेच पालथं पडून पलीकडचं टोक चाचपायचं, दोन्ही सोलून जोडायची. हे पाळीपाळीनं. आमच्या जोडीत दुसरा होता फिलिप, डोंगरीचा.

एकाहत्तरच्या लढाईत, पश्चिमेच्या सरहद्दीवर, एका सकाळी, तार तिसऱ्यांदा तुटली. पाळी माझी होती. मी फिलिपला म्हणालो, पाय मुरगळलाय. मुरगळला नव्हता. मी घाबरलो होतो, दुसरं काही नाही. फिलिपनं तार तपासायचा छोटा डबा खांद्याला अडकवला. पक्कड उचलली आणि गेला. त्यानं तार जोडली, आणि मग त्याच्या शेजारी गोळा पडला. जीव वाचला, हातपाय वाचले, डावा कान कायमचा गेला. त्याला फौजेनं घरी पाठवलं. मी पूर्ण नोकरी करून, पदक लावून, पेन्शन घेऊन आलो.

हे मला एकट्याला ठाऊक होतं. माझ्या बायकोला, सुलभाला, फक्त मुरगळलेला पाय ठाऊक होता. लग्नानंतरच्या पहिल्याच थंडीत तिनं त्या घोट्याला तेल चोळलं. मी नको म्हणालो. दुसऱ्या थंडीत नको म्हणायचं राहिलं. आता तो घोटा खरोखर दुखतो, काय सांगू तुम्हाला.

फिलिपचं नाताळचं कार्ड दरवर्षी यायचं. फोन व्हायचा. "कवा येतंस?" तो विचारायचा. "येतो रे, येतो," मी म्हणायचो. आम्ही रत्नागिरीकडची माणसं, आमच्याकडे "येतो" म्हणण्याला काही मुदत नसते. पण ह्या जानेवारीत त्याच्या बायकोचा, तेरेजाचा, फोन आला. "त्याला आता फोनवर काय ऐकू येत न्हाय. डॉक्टर बोलला, उजवा कानपण चाललाय, महिना-दोन महिने. तुमाला यायचं तर आत्ता या."

मी फोन ठेवला आणि ठरवलं. त्याला सांगायचं, तोंडानं सांगायचं, आणि ऐकू येतंय तोवर सांगायचं. सुलभा म्हणाली, "मीपण येते. एकटे गेलात तर अर्ध्या वाटेतून परत याल." ती हे सहज म्हणाली. मला घाम फुटला.

पहिला दिवस : घोडबंदर

डोंगरी आमच्या घरापासून पश्चिमेला. मी रिक्षावाल्याला सांगितलं, "घोडबंदर किला." घोडबंदर नेमकं उलट्या दिशेला.

"अहो, फिलिपभाऊंचं घर तिकडे ना?" सुलभानं हात लांब करून दाखवलं.

"तार टाकायच्या आधी लाइनमन सगळा मुलूख बघून घेतो. ह्याला पहाणी म्हणतात."

"कसली तार? आपण जेवायला चाललोय."

मी ऐकू न आल्यासारखं केलं. पस्तीस वर्षं इथे राहून हा किल्ला मी पाहिला नव्हता, हीही खरीच गोष्ट आहे. काशीमिऱ्याच्या ट्रकांमधून सुटून रिक्षा खाडीकडे वळली की हवा बदलते. किल्ला मोठा नाही. पण वर उभं राहिलं की खाडी जी दिसते, ती पाहून मी टोपी काढली. भरती चढत होती. समोर वसईच्या बाजूचे डोंगर, खाली कांदळवन, लांब हायवेचा पूल. ही जागा ज्यानं निवडली त्याला अक्कल होती, मग तो फिरंगी असो की आपला.

तिथल्या रखवालदाराला मी विचारलं, "इथून वसईला खबर कशी देत असतील, सांगा बघू." तो उत्तर प्रदेशचा, मिशीवर हात फिरवत म्हणाला, "घोड़ा दौड़ाते होंगे, चाचा." मी म्हटलं, भल्या माणसा, मधे खाडी आहे, घोडा काय पोहत जाणार? मग मी त्याला व्यवस्थित बसवून समजावलं. दिवसा ओल्या गवताचा धूर, अंधारात जाळ. धुकं असलं तर नगारा. गडबडीत शिंग, कारण माणसांच्या आरडाओरड्यातही शिंगाचा आवाज वेगळा कळतो. जवळ जासूद, पळणारा माणूस. आणि महत्त्वाचा निरोप असला तर दोन जासूद, दोन वाटांनी, म्हणजे एक मेला तरी दुसरा पोचेल. ह्यातलं काहीच आमच्या वेळेपर्यंत मोडीत निघालं नव्हतं. आमच्याकडेही तार तुटून जोडता आली नाही की शेवटी माणूसच पळायचा.

"और ज़मीन सूखी हो तो?" त्याला आता गोडी लागली होती, कारण मी एकेरी तारेचं सांगितलं होतं. तारा कमी पडल्या की एकच तार टाकायची आणि दुसऱ्या तारेचं काम जमिनीकडून करून घ्यायचं, मातीत लोखंडी खुंटी ठोकून. माती कोरडी असली की आवाज येत नाही, म्हणून खुंटीच्या मुळाशी पाणी ओतायचं. आणि वाळवंटात प्यायलाच पाणी नसेल तर काय ओतायचं ते मी त्याच्या कानात सांगितलं. तो इतका हसला की त्याची काठी खाली पडली. सुलभानं विचारलं, काय झालं? मी म्हटलं, तांत्रिक बाब आहे.

मग मी तिला तटाच्या दुसऱ्या टोकाला उभी केली. म्हटलं, मी टॉवेल हलवून निरोप देतो, तू दोन्ही हात वर करून सांग, मिळाला म्हणून. समोरून उत्तर आल्याशिवाय निरोप गेला असं धरायचं नसतं, हा आमचा पहिला नियम. मी टॉवेल हलवला. डावीकडे दोनदा, उजवीकडे एकदा. ती खाडीकडे बघत उभी. परत हलवला. मोबाईलवर व्हिडिओ काढत असलेल्या दोन मुली माझ्याकडे बघून हात हलवायला लागल्या. शेवटी सुलभा चालत आली आणि म्हणाली, "भूक लागलीय ना? मला कळलं, म्हणून आले."

आम्ही बुरुजाच्या सावलीत तांदळाची भाकरी आणि सुक्या जवळ्याची चटणी खाल्ली. खाता खाता ती म्हणाली, "फिलिपभाऊंना काय सांगायचंय तुम्हाला? तीन दिवस झाले, झोपेत बडबडताय."

"जुन्या आठवणी," मी म्हणालो.

तिनं भाकरी मोडली. चटणीचा डबा माझ्याकडे सरकवला.

दुसरा दिवस : उत्तन

झोपायला रोज घरी येणारा प्रवासी जगात मी एकटाच असेन. दुसऱ्या दिवशी मात्र बस बरोबर धरली, भाईंदर पश्चिमेहून उत्तनची. मुर्धा, राई, मोर्वा. रस्ता चिंचोळा होतो, बिल्डिंगा मागे राहतात, दोन्ही अंगांना मिठागरं लागतात. पांढरे ढीग, त्यावर बगळे. मीरा रोडच्या माणसाला पटणार नाही की आपल्याच महानगरपालिकेत एवढं आकाश आहे. मी सुलभाला म्हटलं, ह्या आकाशाची घरपट्टी लावत नाहीत म्हणून उरलंय.

कंडक्टर ओरडला, "डोंगरी! डोंगरी कोण हाय?"

मी खिडकीबाहेर बघत राहिलो. एक बगळा होता, तो बघत होतो. सुलभानं कोपर मारलं. "अहो! आपलं आलं!"

"पुढे जाऊ. धारावी किल्ला बघू आधी. इथवर आलोय तर."

"रघुनाथराव." ती मला नावानं हाक मारते ते वर्षातून दोनदा, आणि दोन्ही वेळा मी काहीतरी केलेलं असतं. पण बस सुटली होती.

धारावी किल्ला म्हणजे आता थोडी भिंत आणि पुष्कळ वारा. ही धारावी वेगळी, झोपडपट्टीची नव्हे. पण जागा बघा! पलीकडे वसईचा किल्ला, मधे खाडीचं तोंड, डाव्या हाताला अख्खा समुद्र. मराठ्यांनी वसईला वेढा घातला तेव्हा ही जागा कुणाकडे आहे ह्याला फार किंमत होती. ज्याच्या हातात ही टेकडी, त्याला खाडीत शिरणारं प्रत्येक गलबत आधी दिसणार, आणि आधी दिसलं की आधी कळवता येणार. तोफा सगळेच मोजतात. आधी कोणाला कळलं हे कुणी मोजत नाही, आणि लढाया त्यावरच फिरतात. हे मी उगाच बोलत नाही, तारेच्या टोकाला बसून पाहिलेलं सांगतोय.

तिथून खाली किनाऱ्यावर उतरलो आणि माझ्या हातून जे झालं ते सांगायलाच हवं. उत्तनच्या किनाऱ्यावर थंडीत बोंबील सुकवतात. बांबू रोवून दोऱ्या बांधलेल्या, ओळीच्या ओळी, आणि त्यावर बोंबील जोडीनं लटकवलेले. एकाच्या जबड्यात दुसऱ्याचा जबडा अडकवायचा आणि जोडी दोरीवर टाकायची, चिमटा नको, गाठ नको. मी त्या युक्तीवर खूष झालो. पण एक दोरी लोंबत होती. चांगली वीतभर लोंबत होती. आता लाइनमनला लोंबती दोरी दिसली आणि त्यानं ती तशीच सोडली, असं होत नाही. माझे हात माझ्या आधी पोचले. टोक सोडलं, पाय रोवले, ओढून ताणली आणि आमच्या पद्धतीची पक्की गाठ मारली. सतारीच्या तारेसारखी ताणली गेली. मागे सरकून कमरेवर हात ठेवून बघतोय, तोवर वाऱ्याचा झोत आला, पलीकडचा बांबू कडकन मोडला आणि सगळी ओळ वाळूत.

"आरं कोन हाय तो मेल्या!" झोपडीतून एक कोळीण आली. हातात टोपली, साठीची असेल, आवाज मात्र आमच्या सुभेदाराचा. "कोनी सांगितला तुला हात लावायला? ढिली मुद्दाम ठेवलेली! वारा आला का दोरी झुलते, बांबूला काय होत न्हाय. तू आयलास मोठा शाना ताणायला!"

माझ्या तोंडात दहा उत्तरं आली होती. तारेचा ताण ह्या विषयावर मी लोकांना शिकवलंय. पण वाळूत पडलेले बोंबील बघितले आणि म्हणालो, "चुकलं माझं, बाय. सगळं धुवून परत लावून देतो."

ती गप्प झाली. भांडणाची तयारी वाया गेल्यावर माणूस होतो तशी. मग आम्ही दोघं समुद्राच्या पाण्यात बोंबील खळबळून आणत होतो आणि ती लावत होती. माझे जबडे काही अडकेनात. सुलभाचे पाचव्या जोडीपासून झरझर जमायला लागले, रत्नागिरीची पोर ती. शेवटी त्या बाईनंच, हिराबाय नाव तिचं, आम्हाला झोपडीच्या सावलीत बसवून ओल्या बोंबलाचं कालवण आणि भात वाढला. आमच्याकडे कालवणात खोबरं असतं, हिच्याकडे नाही. चिंच, लसूण, मिरची, संपलं. मी तीनदा भात घेतला.

परतीच्या बसमध्ये सुलभा म्हणाली, "आज मी नवल बघितलं. चुकलं म्हणालात. एकदम, सरळ. लग्नाला इतकी वर्षं झाली, पहिल्यांदा ऐकलं हो. बघा, किती सोपं असतं."

बस डोंगरीवरून पुढे गेली. मी तेव्हाही खिडकीबाहेर बघत होतो, पण ह्या वेळी बगळा वगैरे काही नव्हता.

तिसरा दिवस : डोंगरी

तिसऱ्या दिवशी मी कंडक्टरच्या आधी उठून दारात उभा राहिलो. खिशात चिठ्ठी होती. रात्री लिहिली होती, चार ओळींची. आयत्या वेळी तोंड फुटलं नाही तर द्यायला.

डोंगरी गाव नीटनेटकं आहे. तिठ्यावर क्रूस, त्याला ताज्या झेंडूची माळ. आमच्या गावी पिंपळाच्या पारावर जे चालतं तेच इथे क्रुसाच्या ओट्यावर चालतं, म्हणजे म्हातारे बसून येणाऱ्याजाणाऱ्याची चौकशी करतात. फिलिपचं घर विचारलं तर तिघं उठले. कौलारू घर, पुढे ओटा, बाजूला वालाचा मांडव. समोरच्या ओट्यावर चारपाच बायका शेंगा सोलत बसलेल्या.

फिलिप बाकावर होता. मान उजवीकडे कललेली, एका कानाच्या माणसाची असते तशी. मला बघून उठला, उभाच राहिला, आणि मग असा मिठीत घेतला की माझा चष्मा वाकडा झाला. "आयलास!" तो ओरडला. तो आता सगळंच ओरडून बोलतो, स्वतःचा आवाज त्याला पोचत नाही. "तेरेज, बग कोन आयला! ह्यो रघ्या, फौजेतला!"

तेरेजानं फुगे आणले, गोल, तळलेले, आतून पोकळ, आणि कॉफी. सुलभा तिच्याबरोबर आत गेली. दोघींचं मसाल्यावरून लगेच जमलं. तेरेजा वर्षाचा मसाला कुटून बाटल्यांत दाबून भरते, सुलभा बरणीत हिंगाचा खडा टाकते, कोणाचा जास्त टिकतो ह्यावर चर्चा सुरू झाली. ओट्यावर आम्ही दोघं उरलो. म्हटलं, रघुनाथ, आत्ता.

"फिलिप, एक सांगायचं होतं."

"काय?"

"सांगायचं होतं एक!"

"मोठ्यानं बोल रे! मशीन लावत न्हाय मी, कानात शिट्टी वाजते."

मी समोर बघितलं. शेंगा सोलणाऱ्या बायका बघत होत्या. स्वयंपाकघराचं दार उघडं होतं. मी खिशातली चिठ्ठी काढून त्याच्या हातात दिली. त्यानं ती उलटी केली, सुलटी केली, आणि कॉफीच्या बशीखाली ठेवून दिली.

"तोंड हाय ना तुला? मग बोल."

माझ्या मनात आलं होतं की हे मी त्याच्या शेजारी बसून, हळू आवाजात, खांद्यावर हात ठेवून सांगेन. कितीतरी वेळा तसं सांगून पाहिलं होतं मनातल्या मनात. आता ते सगळं बोंबललं. मी उभा राहिलो. फौजेत असताना शंभर पावलांवर ऐकू जायचा तो आवाज काढला.

"त्या सकाळी पाळी माझी होती! तार जोडायला मी जायचं होतं! माझा पाय मुरगळला नव्हता! मी खोटं बोललो! मी घाबरलो होतो!"

समोरच्या शेंगा थांबल्या. आत भांड्यांचा आवाज थांबला. दारात सुलभा आली होती. तिनं माझ्या तोंडाकडे नाही बघितलं, खाली माझ्या पायाकडे बघितलं.

फिलिप सरळ बसला. फौजेत तोंडी निरोप घेणाऱ्यानं तो शब्दन् शब्द परत म्हणून दाखवायचा असतो, तसं केल्याशिवाय देणाऱ्यानं हलायचं नाही. त्यानं तेच केलं, आणि त्याच्या त्या बहिऱ्या आवाजात.

"निरोप परत बोलतो! पाळी तुझी होती! पाय मुरगळला नव्हता! खोटा बोललास! घाबरलेलास! बरोबर?"

माझ्या अपराधाची दवंडी गावभर दोनदा पिटली गेली. मी म्हणालो, "बरोबर."

"हं," तो म्हणाला. कपातली उरलेली कॉफी संपवली. मग आवाज थोडा खाली आणून म्हणाला, "मीपण घाबरलेलो. पाय असे लटलट कापत होते. तरी गेलो."

"हो," मी म्हणालो. "तू गेलास." ह्यापलीकडे माझ्याकडे काही नव्हतं, आणि त्यानं मागितलंही नाही.

तेरेजानं पानं वाढली. लाल रश्श्यातलं कोंबडीचं मटण, पातळ तांदळाच्या भाकऱ्या, कोबी. एरवी मी जेवणाचं वर्णन दोन पानं केलं असतं. त्या दिवशी मी पानात बघून जेवलो. फिलिप सुलभाला आग्रह करून वाढत होता, "घे वयनी, घे." माझ्या पानाकडे बघत नव्हता. माझा रस्सा संपला, भाकरी कोरडी खाल्ली. बरोबरच होतं ते. सुलभा व्यवस्थित जेवली. पाणी पिऊन झाल्यावर माझ्याकडे न बघता म्हणाली, "दर थंडीला तेल चोळलं हो मी."

"हो."

"गरम करून."

"हो, सुलभा."

"घरी गेल्यावर बोलू," ती म्हणाली आणि तेरेजाला भांडी उचलू लागली. घरी काय झालं ते इथे लिहिणार नाही. ते माझं आणि तिचं. एवढंच सांगतो की थंडी अजून आहे आणि तेल मी स्वतः लावतोय.

जेवणानंतर ओट्यावर पुन्हा आम्ही दोघं. बायका शेंगा घेऊन उठून गेल्या होत्या, बहुतेक गावाला सविस्तर सांगायला. मी निघायचं कसं ह्या विचारात होतो. फिलिप एकाएकी बोलायला लागला, माझ्याशी की मांडवाशी ते कळेना.

"जोडली तार. डबा लावला. फोन ह्या कानाला धरला." त्यानं डाव्या कानावर हात ठेवला. "तुला विचारला, रघ्या, ऐकू येतं का? तू बोललास, येतंय रे, साफ येतंय. बस. त्याच्या मागारी ह्या कानानं काय ऐकला न्हाय. तुझाच आवाज शेवटचा."

मला हे माहीत नव्हतं. कसं असणार? पलीकडे डब्यापाशी बसून त्यानंतर मी फक्त एक खर्रर्र ऐकलं होतं. लाइन परत मेली असं समजून मी त्याला शिवी घातली होती, नीट जोडता येत नाही म्हणून. मोठ्यानं घातली होती.

"आता ह्या कानाचापण तसाच होणार वाटतं," फिलिप म्हणाला, उजव्या कानाला बोट लावून. मग आत तोंड करून ओरडला, "तेरेज, बग, माझे दोनी कान ह्यानंच खाल्ले!"

आतून तेरेजाचं हसू ऐकू आलं, आणि त्यामागे, थोडं उशिरानं, सुलभाचं. मी रडलो. भर दुपारी, परक्या गावात, उघड्या ओट्यावर रडलो, आणि त्याची मला लाज वाटत नाही. फिलिपनं मला गप्प केलं नाही, पाठही थोपटली नाही. माझं आवरेपर्यंत थांबला. मग बाकावर, आपल्या उजव्या अंगाला, हातानं दोनदा थापटलं.

मी उठून त्या बाजूला बसलो आणि बोलायला लागलो. पस्तीस वर्षांचं सांगायचं राहिलं होतं.